सतरा नंबरची नळी

३ जून

दादा,

मायना काय घालावा इथेच माझे दोन कागद फुकट गेले. 'तीर्थरूप' लिहिलं तर तू म्हणशील, हिला आता काहीतरी हवंय. नुसतं 'दादा' लिहिलं तर मधली चौदा वर्षं घडलीच नाहीत असं वाटतं. शेवटी दादाच लिहिलं. आणि हवंय तर आहेच काहीतरी, ते पुढे येईल.

तुझा पत्ता आत्याच्या मुलीने दिला. फोन नंबरही होता तिच्याकडे, पण ती म्हणाली, "तुझा आवाज ऐकला की तो ठेवून देईल." मलाही तसंच वाटलं. पत्र निदान उघडेपर्यंत तरी हातात राहतं.

ती सांगत होती की तू अजून वायरमनच आहेस आणि साहेबांनी टेबलावर बसायला सांगितलं तरी खांबावर चढायचं सोडत नाहीस. छप्पन्नाव्या वर्षी. मी तिला दोनदा विचारलं, "चढतो म्हणजे स्वतः चढतो? पायबिय नीट आहेत?" ती म्हणाली, "तुझ्यामाझ्यापेक्षा नीट आहेत. काल तर शिडी न घेता गच्चीवर चढला." मी पुन्हा तिसऱ्यांदा विचारणार होते, पण तिला शंका आली असती.

मी ठीक. त्याच संशोधन संस्थेत, त्याच जनुक विभागात. बावीस वर्षं झाली. फ्रीझर, नळ्या, लेबलं, नोंदवही, एवढंच माझं राज्य. भिंगरी एकोणीस वर्षांची झाली, कॉलेजात जाते. तू पाहिलीस तेव्हा पाच वर्षांची होती आणि एका जागी ठरत नव्हती. अजून ठरत नाही. तिचे बाबा आणि मी आठ वर्षं वेगळे राहतो. भांडण असं नाही, बोलणंच संपलं. मागच्या महिन्यात बसच्या पायरीवर माझा पाय नीट पडला नाही, घोटा मुरगळला. बाकी काही नाही.

आता काम. आमच्याकडे जुन्या घराण्यांची फेरतपासणी चालू आहे. पूर्वी जी माणसं रक्त देऊन गेली त्यांना परत बोलावतायत. नेहमीचंच आहे, कागद भरायचे म्हणून भरायचे. एक नळी रक्त द्यायचं, तासभर डॉक्टर पाय तपासतील, झालं. निकाल नको असेल तर सांगत नाहीत. तिकीट विभाग काढून देईल. दोन दिवस सुट्टी काढून येऊन जा.

जिन्यात जे झालं, मी जे बोलले, ते मला शब्द न् शब्द आठवतं. त्याबद्दल इथे लिहीत नाही. कामाच्या पत्रात माफी मागितली तर तीही कामापुरतीच वाटेल.

उत्तर दे. नाही असेल तर नाही असं दे.

ठकी


१९ जून

दादा,

तुझं कार्ड आलं. चार ओळी. तुझं अक्षर आता अगदी अप्पांसारखं झालंय, पाकिटावर असतं तर मी घाबरले असते.

"निरोगी माणसाचं रक्त कशाला हवं? तेव्हा मी दिलेली नळी टाकून द्या असं लिहून कळवलं होतं. ती टाकली का?"

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते. टाकली. तुझं पत्र आलं त्याच आठवड्यात. नोंदवहीत नोंद आहे.

पहिल्याला जरा वेळ लागेल, पण सांगते, कारण तू विचारलंस आणि एवढ्या वर्षांत तू मला काही विचारलेलं हे पहिलंच.

अप्पांच्या वेळी डॉक्टर नुसतं 'नसा सुकतायत' म्हणायचे. आधी पायाची बोटं बधिर, मग पाऊल, मग चप्पल कधी निसटली ते कळत नाही, मग काठी, मग चाकाची खुर्ची, मग पलंग. काका बावन्नाव्या वर्षी गेले, आत्या पंचावन्नाव्या. अप्पा वीस वर्षं ओढत राहिले. हे सगळं तुला माहीतच आहे. आपल्याला माहीत नव्हतं ते हे, की माणसाच्या प्रत्येक पेशीत तीनशे कोटी अक्षरांचा मजकूर असतो आणि आपल्या घराण्यात त्यात एका ठिकाणी ध चा मा झालाय. एकच अक्षर. त्यामुळे एक प्रथिन वेडंवाकडं बनतं, त्याचे तुकडे होतात आणि ते गाळासारखे नसांवर साचत जातात. आईबापांपैकी एकात ती चूक असली की प्रत्येक मुलाच्या वाट्याला ती यायची शक्यता निम्मी. नाणं उडवल्यासारखं.

ते चुकलेलं अक्षर शोधण्यात सगळ्यांची वीस वर्षं गेली. सापडलं, पण त्यावर मात्रा काही चालेना. मग आमच्या बाई, म्हणजे विभागप्रमुख, एक दिवस म्हणाल्या, "आजारी माणसांकडे बघणं पुरे झालं. ज्यांना आजार व्हायला हवा होता आणि झाला नाही, अशी माणसं शोधा." कारण ती माणसं वाचली तर उगाच वाचली नसणार. त्यांच्या मजकुरात दुसरीकडे कुठेतरी आणखी एक बदल असणार आणि तो पहिल्या चुकीला आवर घालत असणार. ते ठिकाण सापडलं की औषधाला नेम धरायला जागा मिळते. एरवी औषध शोधणं म्हणजे अंधारात दगड मारणं. उंदरावर लागतं, माणसावर लागत नाही, आणि हे कळेपर्यंत दहा वर्षं गेलेली असतात. पण एखाद्या चालत्याबोलत्या माणसातच ती जागा जन्मापासून बंद पडलेली असेल आणि तो माणूस धडधाकट असेल, तर त्याच्या मजकुरातच लिहिलंय म्हणायचं की इथे मारा, इथे लागतं आणि इथे मारल्याने माणूस मरत नाही.

म्हणून निरोगी माणसं लागतात. सगळ्या घरांतली, तुझ्या एकट्याचं नाही. बाईंच्या यादीत एक नंबर आहे, त्याच्यासाठी त्या रोज माझ्या टेबलापाशी येतात. "सतराचं काय झालं? पत्र गेलं का?" असं विचारतात. नावांची वही माझ्याकडे असते, त्यांना फक्त नंबर दिसतात, तसा नियमच आहे. त्या नंबरचा आणि तुझा काही संबंध नाही. उगाच लिहिलं.

ये. नाहीतर एवढं तरी कळव की विचार करतोयस.

ठकी


२७ जून

दादा,

मागच्या पत्रात मी खोटं लिहिलं. नळी टाकली नाही. सतरा नंबर तूच आहेस.

आता सरळ सांगते. चौदा वर्षांपूर्वी तुझं पत्र विभागात आलं, 'माझं रक्त नष्ट करा, मला काही जाणून घ्यायचं नाही.' ते माझ्याच हातात पडलं. तेव्हा अप्पा शेवटच्या वॉर्डात होते. मी नोंदवहीत 'नष्ट केली' असं लिहिलं, खाली सही केली, नळीवरचं तुझं नाव खरवडून काढलं, त्यावर १७ लिहिलं आणि ती फ्रीझरच्या सगळ्यात खालच्या खणात मागे सरकवली. का, ते मी स्वतःला हजारदा विचारलंय. अर्धं कारण तुझ्यावरचा राग. अप्पा मरतायत आणि ह्याला एक नळी देववत नाही, असं मनात बसलं होतं. उरलेलं अर्धं असं की हात होईना. घरातलं एकेक माणूस जात होतं आणि तुझं एवढंसं रक्त मी मोरीत ओतायचं?

फ्रीझर दोनदा बदलले. दोन्ही वेळा ती नळी मी सगळ्यात आधी हलवली. जानेवारीत आपल्या घराण्याचे सगळे नमुने मशीनवर वाचायला गेले, तेव्हा पेटीत एक जागा रिकामी होती. मी सतरा नंबर तिथे ठेवला. कोणी सांगितलं नव्हतं.

निकाल आला. तो मी तुला सांगणार नाही. 'सांगू नका' असं तू लिहून दिलं होतंस, त्यातलं निदान एवढं तरी पाळते. पण तू काही बुद्दू नाहीस. विभाग सतरा नंबरसाठी एवढा मागे लागलाय म्हटल्यावर काय ते तू ओळखशील. या ओळीपर्यंत आला असशील तर ओळखलंच असेल. म्हणून पहिलं पत्र मी तसं लिहिलं. खरं कारण सांगावं तर निकाल सांगितल्यासारखं होतं. न सांगता बोलवावं तर ती फसवणूक. तीन आठवडे मधली वाट शोधत होते आणि रोज कोरा कागद पुढे घेऊन बसत होते. मधली वाट नाही, दादा.

सोमवारी बाईंना जाऊन सांगितलं. त्या चष्मा पुसत होत्या, तशाच थांबल्या.

"नोंदवहीत सही कोणाची?"

"माझी."

"खोटी?"

"हो."

त्यांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. म्हणाल्या, "म्हणजे सतरा नंबर नाहीच. कळतंय ना तुला? त्याच्यावर जे जे उभं केलं ते सगळं काढून टाकावं लागेल."

फळ्यावर एका जनुकाचं नाव चौकट करून लिहिलं होतं. पाच महिने ते तिथे होतं, सफाईवाल्या बाईंना ताकीद होती की तिथे फडकं लावायचं नाही. बाईंनी उठून स्वतः ते पुसलं. "आता हे नाव मला माहीत आहे, आणि माहीत नसल्यासारखं वागायचंय," म्हणाल्या. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं.

चौकशी बसली आहे. किल्ल्या घेतल्या. मी दाराबाहेरच्या टेबलावर बसते, आणि फ्रीझरचा गजर वाजला की उठून उभी राहते आणि परत बसते.

तू येऊन नव्याने संमती दिलीस तर सगळं पुन्हा सुरू होऊ शकतं. हे माहिती म्हणून लिहिलं. ये असं लिहायचा हक्क मला राहिला नाही. लहानपणी त्या लाकडी बाहुलीवरून तू मला ठकी म्हणायला लागलास. आता लोक वेगळ्या अर्थाने म्हणतील.

ठकी


१६ जुलै

दादा,

तुझं काही आलं नाही. येईल असं धरूनही नव्हते, पण टपालवाला दिसला की दारापर्यंत जाऊन येते. चौकशीवाल्यांनी तुलाही पत्र पाठवलं असेल. त्यांना जे हवं ते खुशाल सांग. मला वाचवायला जाऊ नकोस.

आज मागण्यासारखं काही नाही, म्हणून जे राहिलं होतं ते लिहिते.

परवा सकाळी मी चहा गाळत होते. भांडं कलंडलं असणार. मला कळलं नाही. संध्याकाळी सोफ्यावर पाय वर घेऊन बसले तर भिंगरी म्हणाली, "आई, हे काय आहे?" डाव्या पावलावर हा एवढा फोड, फुटून ओला झालेला, मोजा चिकटलेला.

"चहा सांडला वाटतं."

"वाटतं म्हणजे? कधी?"

"सकाळी."

"सकाळपासून तू अशीच फिरतेयस?"

मी काहीतरी बोलले, कामात लक्ष गेलं नाही वगैरे. ती ऐकत नव्हती. तिने माझ्या अंगठ्याला चिमटा काढला. जोरात काढला असावा, कारण तिच्या नखाची खूण उठली. माझ्याकडे बघत होती. मी तोंड वाकडं करायला हवं होतं, नाटक म्हणून तरी. सुचलं नाही. मग ती उठून आतल्या खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. ती दार लावत नाही कधी.

बसची पायरी चुकली नव्हती, दादा. मला पायरी लागलीच नव्हती.

मला अकरा वर्षांपासून माहीत आहे. विभागातच काम करते, स्वतःची नळी लावायला किती वेळ लागतो? माझ्यात ती चूक आहे, आणि तिला आवर घालणारा दुसरा बदल नाही, हे आता पायच सांगतायत. भिंगरीच्या बाबांना सांगितलं नाही, भिंगरीला नाही, कोणालाच नाही. आमचं बोलणं का संपलं हे त्यांना अजून कळलेलं नसेल. रात्रंदिवस मनात एकच आणि तोंडावर 'भाजी काय करू', असं किती वर्षं चालणार? सगळ्यात भीती भिंगरीची वाटते. ती जिना उतरायला लागली की मी तिच्या टाचांकडे बघते. आठ वर्षांची असल्यापासून बघते. ती अडखळली की मी हातातलं टाकून उठते, मग कळतं की नुसती चपलेची पट्टी तुटलीय.

आणि मी तुला जिन्यात काय म्हणाले होते? "पळपुट्याने अप्पांना खांदा द्यायची गरज नाही." वरच्या मजल्यावरची माणसं ऐकत होती. तू बॅग उचलून तसाच गेलास, अप्पांचं तोंडही नीट न बघता. तू पळाला नव्हतास. तू सरळ सांगितलं होतंस की मला जाणून घ्यायचं नाही, आणि त्यासाठी ठरलेलं लग्नही मोडलंस, कारण मुलांच्या वाट्याला हे यायला नको. मी जाणून घेतलं आणि चोरासारखी लपवून बसले. माझं चुकलं. ते बोलणं चुकलं, नळी ठेवली ते चुकलं, मशीनवर लावली ते तर त्याहून चुकलं. तीन वेगळ्या माफ्या आहेत, एकात एक घालून घेऊ नकोस.

भिंगरी कालपासून माझ्याशी कामापुरतं बोलते. काहीतरी वाचतेय. मी विचारत नाही.

ठकी


९ ऑगस्ट

दादा,

पोचलास ना नीट? न कळवता आलास आणि बघता बघता निघालासही. तुझ्यासमोर मला चार वाक्यं धड बोलता आली नाहीत, म्हणून ही उत्तरं कागदावर.

गुरुवारी मी बाहेरच्या टेबलावर होते. दारात एक माणूस उभा, खांद्याला अवजारांची पिशवी, केस पांढरे. मी म्हटलं, "कोणाला भेटायचंय?" तुला ओळखलं नाही मी. तू म्हणालास, "सतरा नंबर आलाय म्हणून सांग आत." मला तेव्हा हसू आलं की रडू, अजून ठरवता येत नाही.

तुला आत नेल्यावर तुझी तपासणी चालू होती, तेव्हा बाई बाहेर माझ्याकडे आल्या. म्हणाल्या, "मी त्यांना तीनदा सांगितलं की तुम्ही नाही म्हणू शकता, बहिणीच्या नोकरीवर त्याचा काही परिणाम होणार नाही. तिसऱ्यांदा ते म्हणाले, 'बाई, मला एकदाच ऐकू येतं, तुम्ही सुई आणा.'" मग त्या म्हणाल्या, "फॉर्मवर 'निकाल हवा' अशी खूण त्यांनी स्वतः केली आहे. तू काही सांगितलंस?" मी म्हटलं, "पत्रात सांगितलं नाही, पण लपलंही नाही." त्यांनी मान हलवली. माझ्यावरचा त्यांचा राग गेलेला नाही. जाऊही नये.

मग तो बाकावरचा अर्धा तास. तू म्हणालास, "म्हणजे माझ्यात आहे." मी हो म्हटलं. तू म्हणालास, "आणि तरी झालं नाही. का?" जुन्या नळीत दिसलं तेवढं आता सांगते. तुझ्या भाषेत सांगायचं तर घरातली एक वायर सदोष आहे. त्यातून पुरा दाब गेला की ती तापते, वितळते, सगळं जळतं. तुझ्या घरातही तीच सदोष वायर आहे. पण तुझ्याकडे दाब देणाऱ्या दोन जोडण्यांपैकी एक जन्मापासून तुटलेली आहे, म्हणून दाब निम्माच येतो. निम्म्या दाबावर ती वायर टिकते. म्हणजे ते वाकडं प्रथिन तुझ्यात बनतं, पण त्याचे चिकट तुकडे करणारं जे दुसरं जनुक असतं, त्याची एक प्रत तुझ्यात बंद पडलेली आहे. गाळ साचत नाही.

आणि ती तुटलेली जोडणी अप्पांच्या साठवलेल्या रक्तात नाही. म्हणजे ती आईकडून आली. आपण सारखं अप्पांनी काय दिलं तेवढंच मोजत बसलो.

आता सगळ्यात अवघड. तू खिडकीकडे बघत म्हणालास, "मग मी तिला उगाच नाही म्हटलं." जिच्याशी तुझं लग्न ठरलं होतं त्या शिक्षिकेबद्दल तू बोलत होतास, हे मला कळलं होतं. कितीतरी वर्षांनी तू तिचा उल्लेख केलास. दादा, तुला बरं वाटावं म्हणून खोटं सांगणार नाही, खोटं आता पुरे. पण 'उगाच' हे खरं नाही. तुझ्या मुलांना चूक मिळाली असती आणि तो आवर मिळाला नसता, असंही झालं असतं. चारात एका मुलाला. तेव्हा तुला जेवढं माहीत होतं तेवढ्यावर तू ठरवलंस, आणि ते दुसऱ्या कोणाला त्रास होऊ नये म्हणून ठरवलंस. याहून जास्त मला सांगता येत नाही. सांगायचा प्रयत्न केला तर तो माझ्याच मनाच्या समाधानासाठी होईल.

भिंगरीशी तू गॅलरीत काय बोललास ते तिने मला सांगितलं नाही. तू बिघडलेलं बटण दुरुस्त केलंस आणि ती टॉर्च धरून उभी होती, एवढंच मी पाहिलं. तू गेल्यावर तिने विचारलं, "मामा इतकी वर्षं का नव्हता?" मी म्हटलं, "माझ्यामुळे." ती म्हणाली, "ते मला माहीत आहे. तू सांगतेस का, ते बघत होते."

चौकशीचा निकाल लागला. नोकरी राहिली. फ्रीझर आणि नावांची वही यापुढे माझ्याकडे नाही. बरोबर आहे.

ठकी


४ मार्च

दादा,

आज बातमी आहे, आणि एक विचारायचंही आहे. आधी बातमी.

तुझ्या नव्या रक्तातून तेच जनुक निघालं, तेच नाव. बाईंनी ते फळ्यावर पुन्हा लिहिलं, पण या वेळी चौकट केली नाही. एकट्या माणसावर काही सिद्ध होत नाही, असं त्या सारख्या म्हणत होत्या. म्हणून त्यांनी दुसऱ्या संस्थांना विचारलं. दूरदूरच्या तीन घराण्यांत आपलीच चूक असलेली आणि म्हातारपणापर्यंत ठणठणीत अशी आणखी चार माणसं निघाली. चारपैकी तिघांत ते जनुक तुझ्यासारखंच अर्धं बंद. चौथ्याचं कोडं अजून सुटलेलं नाही.

मग माझ्या कातडीचा छोटा तुकडा घेतला. फॉर्म मी दोनदा वाचून सही केली, बाई बघत होत्या. त्यातून नसांच्या पेशी वाढवल्या. अर्ध्या बशांत ते जनुक दाबून धरलं, अर्ध्या तशाच ठेवल्या. सात आठवड्यांनी मला सूक्ष्मदर्शकाखाली दाखवलं. तशाच ठेवलेल्या बशीत फाटक्या धाग्यांसारखं काहीतरी उरलं होतं. दुसरीत जाळं भरलेलं, जिवंत. त्याही माझ्याच पेशी, दादा. मी त्या बशीकडे किती वेळ बघत बसले ते कळलं नाही, मागे रांग लागली होती.

हे म्हणजे औषध नव्हे. आता कुठे नेम धरायला जागा मिळाली. ते जनुक निम्म्यावर आणणारा रेणू शोधायचा, प्राण्यांवर, मग माणसांवर. बाई म्हणाल्या, दहा वर्षं, बारा वर्षं, कदाचित काहीच नाही. माझ्या उपयोगाचं नाही. मी आता घरातही भिंतीला हात लावून चालते आणि काठी आणली आहे, दाराआड ठेवली आहे. बारा वर्षांनी भिंगरी एकतीस वर्षांची असेल. तिच्यात असेल तर ते वेळेत आहे. नसेल तर प्रश्नच नाही. हे गणित मी दिवसातून किती वेळा करते, विचारू नकोस.

आणि इथेच अडलंय. तिला सगळं सांगितलं, एकदाही न थांबता. तिने ऐकून घेतलं. मला वाटलं ती लगेच म्हणेल की तपासा. मी तर नळी कुठे मिळेल, कोणाला सांगावं, इथपर्यंत मनात पोचले होते. ती म्हणाली, "तू माझा कप, केस, ब्रश, कशाला हात लावणार नाहीस असं कबूल कर आधी." लेकीच्या तोंडून हे ऐकायला लागलं. कबूल केलं.

मग म्हणाली, "मला मामाकडे जायचंय. माहीत नसताना तो तीस वर्षं कसा जगला, सकाळी उठून खांबावर कसा चढला, ते मला त्याला विचारायचंय. तुला विचारून उपयोग नाही, आई. तू तर एक दिवससुद्धा थांबली नाहीस."

शनिवारी सकाळच्या बसने तिला पाठवते. दुपारी तीनपर्यंत पोचेल. तुला चालणार नसेल तर आत्याच्या मुलीकडे निरोप ठेव. मी येत नाही. तिला तपास म्हणू नकोस, नको तपासू असंही म्हणू नकोस, असं लिहिणार होते. पण ते तुझं तू बघशील. तुमचं जे बोलणं होईल ते मला कळवू नकोस, मी खोदून विचारलं तरी. तिने काय ठरवलं ते ती सांगेल तेव्हाच ऐकायचं, आणि ती कधीच सांगणार नसेल तर न ऐकताच राहायचं, असं मी तिला वचन दिलंय.

दादा, ते मला कसं जमणार आहे, मला माहीत नाही. तिच्यापाठोपाठ मलाही तुझ्याकडे शिकायला यावं लागेल.

ठकी